हेगात कोर्टं नेमकी किती? (पैज मिसळीची आहे, नीट सांगा)

रंकाळा_सकाळी६
सोमवार, रात्री ८.४०

मंडळी, नमस्कार.

आम्ही सात-आठ जण रोज सकाळी कोल्हापूरच्या रंकाळा तलावाला फेरी मारतो आणि टॉवरजवळच्या बाकावर तासभर बसतो. सगळे निवृत्त. मी पाटबंधारे खात्यात कारकून होतो. परवा पेपरात नेदरलँड्समधल्या हेगच्या न्यायालयाची काहीतरी बातमी होती. आमच्यातले एकजण (इथं त्यांना बापू म्हणूया) म्हणाले, "हे तेच कोर्ट. यानंच कुलभूषण जाधवांची फाशी थांबवली आणि यानंच पुतीनवर वॉरंट काढलं." मी म्हटलं, ही कोर्टं दोन आहेत, एक नव्हे. बापू म्हणाले, एका गावात दोन जागतिक कोर्टं कशाला ठेवतील? शब्दाला शब्द वाढला आणि पैज लागली. हरेल त्यानं आठ जणांना मिसळ द्यायची.

आता खरं सांगतो, मी जोरात बोललो, पण मलाही धड माहीत नाही. घरी येऊन वाचायला बसलो तर तह, करार, सनद, ठराव, अनुसमर्थन असे शब्द. सगळे मराठी, आणि डोक्यात एक शिरेना. नात कायद्याच्या पहिल्या वर्षाला आहे, ती म्हणते, "आजोबा, आधी इंग्रजीत वाचा, मग मराठी कळेल." हे म्हणजे सोलापूरला जायला आधी पुण्याला जा म्हटल्यासारखं.

माझा मुख्य प्रश्न वेगळाच आहे. आपल्याकडं दिवाणी कोर्टाचा हुकूमनामा झाला की बजावायला बेलीफ येतो. हेगचा बेलीफ कोण?

तांबडा_पांढरा
सोमवार, रात्री ८.५२

अण्णा, मिसळ कुठली ते आधी ठरवा. जागा ठरली नसंल तर जिंकून बी भांडणच हाय.

सनद_आहे
सोमवार, रात्री ९.३०

अण्णा, पैज तुम्ही जिंकलात. कोर्टं वेगळी आहेत.

आंतरराष्ट्रीय न्यायालय हे संयुक्त राष्ट्रांचं. तिथं पक्षकार फक्त देश असतात. तुम्ही-मी, कंपनी, संस्था कुणी तिथं दावा लावू शकत नाही. न्यायाधीश १५, मुदत ९ वर्षांची. जाधव प्रकरण इथलं, म्हणून त्याचं नाव "भारत विरुद्ध पाकिस्तान" असं आहे, "जाधव विरुद्ध पाकिस्तान" असं नाही.

आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय हे वेगळ्या कराराने आलेलं. १९९८ साली रोममध्ये करार झाला, २००२ पासून अंमल. तिथं देशावर खटला चालत नाही, माणसावर चालतो. नरसंहार, युद्धगुन्हे वगैरे. पुतीन यांच्यावरचं मार्च २०२३ चं वॉरंट इथलं. भारत याचा सदस्य नाही.

आपल्या भाषेत पहिलं दिवाणी, दुसरं फौजदारी. अगदी काटेकोर नाही, पण बापूंना पुरेल.

आणि बापूंना अजून एक सांगा. हेगातच तिसरंही आहे, स्थायी लवाद न्यायालय, १८९९ च्या परिषदेतून आलेलं. ते आणि पहिलं, दोन्ही एकाच इमारतीत बसतात, पीस पॅलेसमध्ये. त्यामुळे गोंधळ होतो यात बापूंचा फार दोष नाही.

बेलीफचं उद्या लिहिते. सकाळी दावा बोर्डावर आहे.

कडवट_कॉफी
सोमवार, रात्री १०.०५

बेलीफ नाही. विषय संपला.

आंतरराष्ट्रीय कायदा म्हणजे बळी तो कान पिळी याला दिलेलं सुवाच्य नाव. १९८६ साली याच न्यायालयानं निकाराग्वाच्या दाव्यात अमेरिकेविरुद्ध निकाल दिला. निकाराग्वा तो घेऊन सुरक्षा परिषदेत गेला. अमेरिकेनं तिथं नकाराधिकार वापरला. आरोपीच पंच. खासबागेत कुस्तीला असा पंच बसवला असता तर लोकांनी मैदानातून बाहेर जाऊ दिला नसता.

तीनदा_पूर्व_एकदा_मुख्य
सोमवार, रात्री १०.२१

सनदताई, तह, करार, अभिसंधी, संहिता, सनद, प्रसंविदा यातला फरक एका ओळीत मिळेल का? आमच्या क्लासच्या नोट्समध्ये एकाच शब्दाला तीन पानांवर तीन मराठी शब्द आहेत. प्रश्नपत्रिकेत चौथा येतो.

मोडी_वाचक
सोमवार, रात्री ११.१०

नावावर फार जाऊ नका. देशांनी आपसात लेखी आणि बांधून घेणारं काही केलं की तो करार. त्याला तह म्हणा, सनद म्हणा, अजून काही म्हणा. साधारणपणे दोघांतला असला तर करार किंवा तह, पुष्कळांनी मिळून केला तर अभिसंधी, संस्था उभी करणारा असला तर सनद. संयुक्त राष्ट्रांची सनद ही शेवटच्या प्रकारातली, २६ जून १९४५ ची. तीवर भारताची सही आहे, आणि तेव्हा भारत स्वतंत्र नव्हता. परीक्षेला उपयोगी पडेल.

पण तह समजून घ्यायला एवढं लांब कशाला जायचं? आपल्याकडं वारणेचा तह आहे. १३ एप्रिल १७३१, साताऱ्याचे शाहू महाराज आणि करवीरचे, म्हणजे कोल्हापूरचे, संभाजी महाराज. चुलतभाऊच, पण दोन स्वतंत्र गाद्या. त्यात काय काय आहे बघा. हद्द ठरवली, वारणा नदी. दक्षिणेकडं तुंगभद्रेपर्यंतचा मुलूख आणि किल्ले कुणाचे ते ठरवलं. तुमच्याशी वैर करील त्याचं पारिपत्य आम्ही करू, आमच्याशी करील त्याचं तुम्ही करा. आणि माझं आवडतं कलम, एकाचे चाकर दुसऱ्यानं ठेवून घ्यायचे नाहीत.

आज सीमा करार, परस्पर संरक्षण करार असे चार कागद करतात ते तिथं एकात आहे. शेवटचं कलम तर फोडाफोडीवर बंदी. ते आज कुठल्याच पक्षाला परवडायचं नाही.

तांबडा_पांढरा
सोमवार, रात्री ११.१४

साताऱ्यानं ते कलम पाळलं का पण? 😄

मोडी_वाचक
सोमवार, रात्री ११.३२

हा धागा साताऱ्याचेही लोक वाचतात. मी गप्प.

मात्र पुढचा एक कागद सांगतो, "सार्वभौम" शब्द त्यानं कळतो. १८१२ साली करवीर दरबारानं इंग्रज कंपनीशी तह केला. मालवण गेलं. आणि कबूल केलं की यापुढं दुसऱ्या राज्याशी आपणहून लढाई करायची नाही, तंटा झाला तर कंपनीचा निवाडा मानायचा. गादी राहिली, पागा राहिली, न्यायनिवाडा राहिला. बाहेरच्याशी आपल्या मनानं बोलायचा हक्क गेला. सार्वभौम असणं म्हणजे नेमकं काय, ते त्या दिवशी जे गेलं त्यावरून समजतं.

निपाणीकर
मंगळवार, सकाळी ७.०२

आमचा प्रश्न विचारू का? निपाणी कुठल्या तहात गेली? 😐

(गंमत सोडा. आमचा सीमावाद आंतरराष्ट्रीय कोर्टात न्या असं भाषणात सांगणारे पुढारी मी स्वतः ऐकलेत. टाळ्या पडतात.)

सनद_आहे
मंगळवार, दुपारी २.१५

@निपाणीकर, पुढाऱ्यांना सांगा की राज्य हा तिथं पक्षकारच होऊ शकत नाही. दोन राज्यांतला वाद घटनेच्या कलम १३१ खाली थेट सर्वोच्च न्यायालयात जातो. महाराष्ट्रानं २००४ साली तसा दावा लावलेला आहे. पाण्याचं मात्र वेगळं, त्याला कलम २६२ आणि १९५६ चा कायदा, म्हणून कृष्णेला लवाद बसतो.

आता बेलीफ.

कडवटकाका, निकाराग्वाचं तुमचं बरोबर आहे. सनदेचं कलम ९४ असं की, हरलेला देश निकाल पाळत नसेल तर जिंकलेल्यानं सुरक्षा परिषदेकडं जायचं. म्हणजे दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज) लावायची तिथं. आणि परिषदेत पाच जणांकडं नकाराधिकार. ती पाच नावं सोडून बाकीच्यांसाठी सोय आहे, कागदावर तरी.

पण त्याआधीची पायरी लोक विसरतात, कोर्टाला अधिकार कुठून येतो ती. आपल्याकडं समन्स आलं की तुमची इच्छा कोण विचारतं? तिथं दोन्ही बाजूंची संमती लागते. भारत-पाकिस्तान दोघेही १९६३ च्या व्हिएन्ना अभिसंधीत होते आणि तिच्या जोडपत्रातही. या अभिसंधीतले वाद या न्यायालयात नेऊ, असं त्या जोडपत्रात दोघांनी आधीच लिहून दिलेलं. म्हणून जाधव प्रकरण तिथं उभं राहिलं. वाद होता कलम ३६ चा. परक्या माणसाला अटक केली तर त्याला त्याच्या देशाच्या वकिलातीशी बोलू द्यायचं, आणि हा हक्क आहे हे विनाविलंब त्याला सांगायचं. पाकिस्तान म्हणालं हेराला हे लागू नाही. कोर्ट म्हणालं, असा अपवाद कलमात कुठं दिसत नाही. १७ जुलै २०१९, १५ विरुद्ध १.

आता यात भारताला काय मिळालं नाही तेही बघा. शिक्षा रद्द करा, माणूस परत द्या, अशी आपली मागणी होती. ती कोर्टानं मानली नाही. शिक्षेचा परिणामकारक फेरविचार करा आणि तोवर फाशी नाही, एवढंच. टीव्हीवर त्या रात्री फटाके दाखवले, निकालपत्र कुणी वाचलं नव्हतं.

आणि उलटं उदाहरण. १९९९ मध्ये पाकिस्तानचं नौदलाचं विमान आपण पाडलं, पाकिस्तान हेगला गेलं. आपण म्हणालो, राष्ट्रकुलातल्या देशांशी असलेले वाद आम्ही तुमच्या अधिकारातून वगळलेत. जून २००० मध्ये कोर्टानं मान्य केलं, आम्हाला अधिकार नाही. दावा दारातूनच परत. तेव्हा "मला तुमचा अधिकार मान्य नाही" हा बचाव आपणही घेतलाय, तो पळपुटेपणा नसतो.

कडवट_कॉफी
मंगळवार, दुपारी ३.४०

म्हणजे चोरानं संमती दिली तर खटला. छान.

पोस्टातला_गडी
मंगळवार, सायंकाळी ६.२०

कडवटसाहेब, रोज सकाळी मी आंतरराष्ट्रीय कायदा पोत्यात भरतो आणि तुम्ही म्हणता तो नाहीच.

इथनं जर्मनीला टपाल टाकलं तर तिकीट आपलं. तिथला पोस्टमन ते घरपोच करतो, पैसे तो मागत नाही. का करतो? १८७४ साली बर्नमध्ये करार झाला, त्यातून जागतिक टपाल संघ झाला. आपण १८७६ पासून त्यात आहोत. वाटपाचे पैसे देश आपसात नंतर भागवतात. आपल्या फोनचा ९१ पण असाच कुठल्यातरी कराराने ठरलेला. ह्याला बेलीफ लागला नाही अजून. जो पाळणार नाही त्याचं पोतं दुसऱ्या दिवशी कोण घेणार?

सूनबाई_जर्मनी
मंगळवार, रात्री ११.४८

माहेर राजारामपुरी, सध्या मुक्काम श्टुटगार्ट. वरच्या पोत्यातल्या मेतकुटाची मी लाभार्थी आहे, तेव्हा काकांना दंडवत.

वकिलातीवरून आठवलं. गरोदर असताना आमच्या सासूबाईंना कुणीतरी सांगितलं की बाळंतपण "भारतीय दूतावासाच्या जागेत" झालं तर बाळ भारतात जन्मलं असं धरतात, कारण ती जमीन भारताची असते. आठवडाभर रोज फोन. शेवटी मी म्हटलं, आई, तिथं टोकन घेऊन खुर्चीवर बसायला जागा मिळत नाही, बाळंतपण कुठं करणार?

नंतर मुद्दाम वाचलं. जमीन यजमान देशाचीच राहते. फक्त १९६१ च्या अभिसंधीप्रमाणे तिथं यजमान देशाच्या पोलिसांना परवानगीशिवाय आत पाऊल टाकता येत नाही. घरमालकाचं घर, पण भाडेकरूच्या खोलीत विचारल्याशिवाय शिरायचं नाही, तसं.

दुसरा गोंधळ माझा स्वतःचा. पासपोर्ट नूतनीकरणाला मी बर्लिनचं तिकीट काढून बसले होते. दूतावास राजधानीत, तो सरकारशी बोलायला. आपली कागदपत्रं बघणारा वाणिज्य दूतावास वेगळा, आमच्यासाठी म्युनिकला. तिकिटाचे पैसे बुडाले. आणि लंडनमध्ये आपला दूतावास नाहीच, "उच्चायुक्तालय" आहे, कारण राष्ट्रकुलवाले एकमेकांकडं राजदूत नाही, उच्चायुक्त पाठवतात. काम तेच.

अवांतर: मागच्या उन्हाळ्यात फ्लॉरेन्सला गेलो होतो. आपले राजाराम महाराज १८७० साली तिथं वारले, आर्नो नदीकाठी दहन झालं. तिथं छत्री आहे, आत पगडीतला पुतळा. जवळच्या पुलाला "इंडियानो" म्हणतात. मुलगी म्हणाली, "आई, कोल्हापूर इथंपण?" मी तिथं उभी राहून रडले, नवरा आइस्क्रीम आणायला गेला.

तांबडा_पांढरा
बुधवार, सकाळी ८.१५

जगात भारी कोल्हापुरी. इटलीत छत्री आमची, मिलानच्या रॅम्पवर चप्पल आमची.

पायताण_लाईन
बुधवार, सकाळी १०.३०

चप्पलचा विषय निघालाच आहे तर बोलतो, घरात तीन पिढ्या हेच काम. जून २०२५ ला त्या मोठ्या ब्रँडनं मिलानला आमच्यासारखी चप्पल दाखवली, तेव्हा दुकानात येणारं प्रत्येक गिऱ्हाईक म्हणत होतं, "जीआय आहे ना तुमच्याकडं? केस ठोका हेगात!"

जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, आहे. २०१९ ला मिळालं, महाराष्ट्रातले चार जिल्हे आणि कर्नाटकातले चार. पण ती नोंद भारतातली. जागतिक व्यापार संघटनेचा करार एवढंच म्हणतो की प्रत्येक सदस्य देशानं असल्या नावांच्या संरक्षणाची सोय ठेवावी. एकीकडं नोंदवलं की सगळीकडं चाललं, असं नाही. त्या त्या देशात जाऊन मिळवायला लागतं. शिवाय जीआय नावाचं असतं. त्यांनी "कोल्हापुरी" म्हटलंच नव्हतं, नुसतं "लेदर सँडल". नाव चोरलं असतं तर पकडता आलं असतं. न घेता चोरलं, तिथं घोडं अडलं.

बांध_कोरला
बुधवार, दुपारी १.०५

शिरोळ तालुक्यातनं. धागा वाचतोय. सनदताई, आमच्याकडं वहिवाट म्हणतात तसलं काही देशा-देशात असतं का? माझ्या मळ्याला जायला शेजाऱ्याच्या बांधावरनं वाट, आज्ज्यापासनं. कागद नाही. त्यानं नांगर घातला. मामलेदार कोर्ट कायद्याच्या कलम ५ खाली अर्ज केला, पंचनाम्याला साहेब आले, तर शेजारी म्हणतो, "जात होते, पण आम्ही माणुसकीनं जाऊ देत होतो." वकील म्हणाले, सगळी केस त्या एका वाक्यावर आहे.

सनद_आहे
बुधवार, रात्री ९.५०

@बांध_कोरला, या धाग्यातला सगळ्यात चांगला प्रश्न तुमचा.

असतं. त्याला आंतरराष्ट्रीय कायद्यात रूढी म्हणतात, आणि करारांइतकंच तिचं वजन आहे. कागदावर सही नसली तरी रूढी बांधते. पण दोन गोष्टी लागतात. देश बराच काळ तसं वागत आले पाहिजेत, आणि ते हक्क-कर्तव्य समजून वागले पाहिजेत, सौजन्य म्हणून नव्हे. तुमच्या शेजाऱ्यानं घेतला तोच बचाव. "माणुसकीनं जाऊ देत होतो."

आणि याच मुद्द्यावर भारत हेगला उभा होता. दादरा आणि नगर हवेली हे पोर्तुगिजांचे दोन तुकडे होते, चारी बाजूंनी भारत. दमणहून तिथं जायचं तर आपल्या हद्दीतून. १९५४ साली स्वयंसेवकांनी ते मुक्त केले. त्या तुकडीत आपल्या कोल्हापुरात जन्मलेले सुधीर फडके होते, हे इथल्या पुष्कळांना माहीत असेल. भारतानं पोर्तुगिजांची वाट बंद केली. १९५५ मध्ये पोर्तुगाल कोर्टात गेलं. म्हणणं काय? आमची शे-दीडशे वर्षांची वहिवाट आहे.

पोर्तुगालनं मराठ्यांचाही कागद लावला, १७७९ चा पेशव्यांशी झालेला तह. कोर्टानं त्यातून सार्वभौमत्व दिलं नाही. म्हणालं, तेव्हा दिला होता तो महसुलाचा हक्क, मुलूख नव्हे. मोडीवाचकांना आवडेल हे.

पण वाटेच्या बाबतीत कोर्टानं फार बारीक निवाडा केला, १२ एप्रिल १९६० ला. सामान्य लोक, मुलकी अधिकारी, माल यांची ये-जा इतकी वर्षं बिनबोभाट चालली, ती हक्क म्हणून होती. वहिवाट सिद्ध. पण सैन्य, हत्यारी पोलीस, दारूगोळा? ते दर वेळी परवानगी मागून जात होते. परवानगी मागितली याचाच अर्थ हक्क नव्हता. आणि १९५४ च्या तणावात भारतानं वाट अडवली ती नियमनाच्या अधिकारात बसते, भारतानं काही मोडलं नाही. भारताच्या वतीनं नेमलेले न्यायाधीश होते मुंबई उच्च न्यायालयाचे माजी मुख्य न्यायमूर्ती छागला.

तेव्हा दादा, पंचनाम्यात एक बघा. तुमच्या आजोबांनी कधी शेजाऱ्याला "जाऊ का?" असं विचारलं होतं का? बैलगाडी न विचारता जात होती आणि ऊस भरलेला ट्रॅक्टर विचारून, असं असेल तर साक्षीत जपून.

बांध_कोरला
बुधवार, रात्री १०.१२

ताई, ट्रॅक्टर विचारूनच नेत होतो. 🙏 गप बसतो.

तीनदा_पूर्व_एकदा_मुख्य
गुरुवार, सकाळी ६.५५

ही एक पोस्ट माझ्या क्लासच्या पूर्ण फीपेक्षा भारी. पण "अनुसमर्थन" राहिलं. आणि प्रोटोकॉल. क्लासमध्ये सर म्हणाले प्रोटोकॉल म्हणजे राजशिष्टाचार. मग क्योटो प्रोटोकॉल म्हणजे काय, क्योटोत मंत्र्याच्या गाडीला पायलट?

वळिवडे_गेट
गुरुवार, दुपारी १२.२०

प्रोटोकॉलचं आमच्या गावावरून सांगतो.

१९४३ ते ४८ वळिवड्यात पोलंडच्या निर्वासितांची छावणी होती. पाच हजाराच्या आसपास माणसं, बहुतेक बायका-मुलं, सोव्हिएत छळातून सुटून आलेली. आजी सांगायची, त्या बायका बराकीच्या दारात फुलझाडं लावायच्या आणि मोडक्या मराठीत भाव करायच्या. महावीर उद्यानात त्यांच्या आठवणीचा स्तंभ आहे, पहाटे फिरायला जाणाऱ्यांनी तरी बघितला असेल. ती गेली आणि फाळणीनंतर त्याच बराकींत सिंधी कुटुंबं आली. आजचं गांधीनगर, जिथं आपण सगळे लग्नाचा बस्ता बांधतो, ते तिथलं.

आता कायद्याची गंमत. ही माणसं आली तेव्हा "निर्वासित" याची आजची व्याख्याच नव्हती. ती १९५१ च्या अभिसंधीत आली. त्यातही अट, १ जानेवारी १९५१ च्या आधीच्या घटनांमुळे परागंदा झालेलेच. पुढं जगभर नवे निर्वासित तयार होत राहिले तेव्हा १९६७ साली एक प्रोटोकॉल करून ती तारखेची अट काढली. तर हा प्रोटोकॉल म्हणजे मूळ करारनाम्याला जोडलेला पुरवणी करार. मंत्र्याच्या गाडीचा प्रोटोकॉल तो वेगळा.

भारतानं ना अभिसंधीवर सही केली ना प्रोटोकॉलवर. तरी पोलिश राहिले, सिंधी राहिले, पुढं तिबेटी राहिले. सही नसताना जागा दिली.

आणखी एक, जो मला स्वतःला फार लागतो. छावणीतल्या लोकांचं सरकार लंडनमध्ये होतं, निर्वासित सरकार. जुलै १९४५ ला ब्रिटननं त्याची मान्यता काढून घेतली आणि वॉर्सातल्या नव्या सरकारला दिली. "मान्यता" हा नुसता एक शब्द. पण वळिवड्याच्या बराकीतली बाई सकाळी उठली तेव्हा तिच्या कागदावरचा शिक्का ज्या सरकारचा होता, ते सरकार इंग्रजांच्या लेखी नव्हतंच.

मोडी_वाचक
गुरुवार, दुपारी १२.५८

फार चांगलं लिहिलंत.

सनद_आहे
गुरुवार, रात्री ९.०५

वळिवडेकर, 👏

अनुसमर्थन म्हणजे, सही हा साखरपुडा आणि अनुसमर्थन हे लग्न. सही करून देश म्हणतो विचार आहे. अनुसमर्थनानं बांधला जातो. छळविरोधी अभिसंधीवर भारतानं १९९७ ला सही केली, अनुसमर्थन अजून नाही. साखरपुड्याचे फोटो पिवळे पडले.

आणि लग्न झालं तरी सून घरात आली असं नाही. आपल्याकडं करार झाला म्हणून तो आपोआप कोर्टात लागू होत नाही, संसदेनं कायदा करावा लागतो, कलम २५३. याला द्वैतवाद म्हणतात (मध्वाचार्यांचा नव्हे, विद्यार्थ्यांनी नोंद घ्यावी). कधीकधी कोर्ट वाट बघत नाही. महिलांवरील भेदभावाविरुद्धची अभिसंधी आपण १९९३ ला स्वीकारली, लैंगिक छळाबाबत कायदा नव्हता, तर १९९७ च्या विशाखा निकालात सर्वोच्च न्यायालयानं त्या अभिसंधीचा आधार घेऊन नियम घालून दिले. कायदा आला २०१३ ला. आज तुमच्या कचेरीत नोटीस बोर्डावर तक्रार समितीची नावं असतात, तो कागद तिकडून निघून इथं पोचलाय.

शाहूपुरी_४थी_गल्ली
गुरुवार, रात्री ९.४०

एवढं लांब कशाला, सर्किट बेंच आणि खंडपीठ यातला फरक सांगा की कुणीतरी. सीपीआर दवाखान्यासमोर ऑगस्ट २०२५ ला मुंबई उच्च न्यायालयाचं जे सुरू झालं त्याला आमचे सासरे अजून "खंडपीठ" म्हणतात आणि दिवाळीत जावयाशी वाद घालतात.

सनद_आहे
गुरुवार, रात्री ९.५५

सासऱ्यांना सांगा, सध्या सर्किट बेंचच. १९५६ च्या राज्य पुनर्रचना कायद्याच्या कलम ५१(३) खाली मुख्य न्यायमूर्ती राज्यपालांच्या मान्यतेनं अशी जागा नेमू शकतात. कायमच्या खंडपीठाला राष्ट्रपतींचा आदेश लागतो. सहा जिल्ह्यांची कामं इथं चालतात, पक्षकाराला फरक एवढाच की रात्रीची मुंबईची गाडी पकडावी लागत नाही. त्यासाठी आम्ही वकिलांनी चाळीसहून जास्त वर्षं घसा फोडलाय, तेव्हा वाद घालताना आवाज जरा खाली ठेवा म्हणावं. 🙂

कडवट_कॉफी
गुरुवार, रात्री १०.३०

पोत्याचं पटलं. वहिवाटेचं तर पटलंच. पण पुतीन सप्टेंबर २०२४ ला मंगोलियात गेले. मंगोलिया त्या फौजदारी न्यायालयाचा सदस्य. पकडायला बांधील. लाल गालिचा अंथरला. आता बोला.

पोस्टातला_गडी
शुक्रवार, सकाळी ७.१०

आणि मार्च २०२५ ला फिलिपिन्सचे माजी राष्ट्राध्यक्ष दुतेर्ते मनिलाच्या विमानतळावर धरले आणि त्याच कोर्टात पोचवले. गादी गेली की वॉरंट पोचतं. आमच्याकडं पण मोठ्यांची रजिस्टर पत्रं "घरी नाहीत" म्हणून परत येतात. बदली झाली की घरी असतात.

रंकाळा_सकाळी६
रविवार, सकाळी ११.२०

मंडळी, धागा कागदावर छापून (नातीनं छापला, सव्वीस पानं) आज बाकावर नेला. वाचून दाखवला. दोन कोर्टं, शिवाय तिसरं, सगळं. वहिवाटेचं ऐकताना एसटीवाले भोवती उभे राहिले, त्यांची पण वाटेची केस आहे.

बापूंनी सगळं शांतपणे ऐकलं. मग म्हणाले, "हे सगळं ठीक. पण मी त्या संकेतस्थळाचा सभासद आहे का? मी तिथं निवाडा मागायला गेलो होतो का? माझी संमती कुठाय? दारातनंच परत." विमानाच्या दाव्याचं पान त्यांनी माझ्याच हातातून काढून घेऊन मला दाखवलं!

सनदताई, हे तुम्ही शिकवलंत.

मग कुणी काही बोललं नाही. पण सोमवारी बाकावर बापूंच्या जागेवर कुणीतरी पाण्याची बाटली ठेवली. मंगळवारी पेपर त्यांच्याकडं पोचेपर्यंत शब्दकोडं भरलेलं. बुधवारी बापू दोन फेऱ्या एकटेच मारून घरी गेले.

अरे हो, सांगायचं राहिलं, आज रविवार म्हणजे पुढचा रविवार. मी आठवडाभरानं लिहितोय. काल बापूंनी मिसळ दिली. आठही जणांना.

तांबडा_पांढरा
रविवार, सकाळी ११.२६

बेलीफ घावला अण्णा. 😂 कट जादा मिळाला का?

रंकाळा_सकाळी६
रविवार, सकाळी ११.४५

कट मिळाला. जादा ब्रेडचे पैसे मात्र बापू देईनात. म्हणाले, पैजेत फक्त मिसळ होती, ब्रेडचं कलम दाखव. मी दिले.